हप्ता किती ते सांगता, मग एकूण किती ते पण सांगा: गृहकर्ज देणाऱ्या सगळ्यांना एक खुलं पत्र

प्रति,
घरासाठी कर्ज देणाऱ्या सगळ्या बँका, फायनान्स कंपन्या, आणि त्यांच्या वतीने दुपारी अडीच वाजता फोन करणारे सगळे दादा आणि ताई,

नमस्कार.

मी गणिताच्या शिकवण्या घेते. आठवी ते दहावी. चक्रवाढ व्याज हा धडा मी इतक्या वेळा शिकवलाय की झोपेत सूत्र म्हणेन. आणि तरी स्वतःच्या घराच्या कर्जाचं गणित मी दोन वर्षं केलं नव्हतं, हे आधीच कबूल करते, म्हणजे पुढचं वाचून कोणी म्हणायला नको की बाई आम्हालाच शिकवायला निघाल्या. पहिली चूक माझीच आहे. पण दुसरी तुमची आहे आणि हे पत्र त्या दुसऱ्या चुकीबद्दल आहे.

सोयीसाठी कर्ज 10 लाख धरते. माझं नेमकं तेवढं नाहीये, पण सगळे आकडे त्या मापात बसवून सांगते, चलन ज्याने त्याने आपापलं घ्यावं, गणित सगळीकडे सारखंच आहे. व्याज 9 टक्के, मुदत 20 वर्षं, हप्ता 8,997. दोन वर्षं एकही हप्ता न चुकवता भरले, 24 झाले, आणि मग तुमच्यासारख्याच एकाचा मेसेज आला. त्यात लिहिलं होतं की आपल्या कर्जाचा व्याजदर सुधारित करण्यात आला आहे, आपल्या मासिक हप्त्यात कोणताही बदल नाही. ‘सुधारित’ हा शब्द बघा. 9 चे 10 झाले याला सुधारणा म्हणतात. पण खरं सांगू का, तेव्हा मी त्या शब्दावर अडकलेच नाही, दुसरं वाक्य वाचून बरं वाटलं. नवऱ्याला म्हटलं, अरे रेट वाढला पण हप्ता तोच आहे. तो म्हणाला, चला वाचलो.

आठवड्याभराने कुठल्यातरी कामासाठी लोन स्टेटमेंट लागलं म्हणून डाउनलोड केलं आणि खाली कोपऱ्यात बारीक अक्षरात होतं, उरलेले हप्ते: 266.

मला वाटलं टायपिंग मिस्टेक. 240 हप्त्यांचं कर्ज, 24 भरले, 216 उरायला हवेत. 266 कसे उरतील? मी सुरुवात केली तेव्हा सुद्धा एवढे नव्हते! दोन वर्षं चालून मी निघाले होते त्याच्याही मागे जाऊन पोचले होते. वही घेतली, पेन घेतलं आणि रात्री साडेअकराला बसून हिशोब केला. 24 हप्त्यांनंतर मुद्दल उरलेलं 9 लाख 60 हजार 789. त्याच्यावर 10 टक्क्याने महिन्याचं व्याज 8,007. हप्ता 8,997. म्हणजे मुद्दलात जाणार जेमतेम 990. तोच हप्ता भरत गेलं तर खरंच 266 महिने लागतात. बँकेचं गणित अगदी बरोबर होतं. हीच तर पंचाईत आहे, तुमचं गणित कधीच चुकत नाही, चुकतं ते फक्त सांगायचं.

दुसऱ्या दिवशी ब्रँचमध्ये गेले. काउंटरवरचा मुलगा अगदी सज्जन, पाणी विचारलं, स्क्रीनवर बघितलं आणि मनापासून म्हणाला, "मॅडम, हप्ता तर वाढला नाहीये ना? मग प्रॉब्लेम काय आहे?"

त्या मुलावर माझा राग नाही. त्याला कोणीतरी तसं शिकवलंय, आणि ज्यांनी शिकवलंय त्यांच्यासाठीच हे लिहितेय.

प्रॉब्लेम काय आहे ते सांगते. मुदत 216 महिन्यांचीच ठेवून हप्ता वाढवला असता तर तो 9,606 झाला असता. म्हणजे महिन्याला 609 जास्त. टोचले असते, नाही असं नाही, पण जमलं असतं. त्या हिशोबाने पुढचे सगळे हप्ते मिळून 20 लाख 75 हजार होतात. आणि तुम्ही माझ्या वतीने, मला न विचारता, जो पर्याय निवडलात त्यात पुढचे सगळे हप्ते मिळून होतात 23 लाख 92 हजार. फरक 3 लाख 17 हजार! महिन्याचे 609 वाचवून दिल्याची ही फी. आणि वर मला बरं वाटेल अशा भाषेत कळवलं की हप्त्यात कोणताही बदल नाही. वाक्य खरं आहे हो, एक अक्षर खोटं नाही त्यात. तेच तर म्हणते.

आता एक पायरी मागे जाते, कारण हे रेट वाढल्यावर सुरू होत नाही, पहिल्या मीटिंगपासून सुरू होतं. कर्ज घ्यायला गेलेल्या माणसाला तुम्ही पहिला प्रश्न काय विचारता? "महिन्याला किती जमेल?" तिथेच खेळ संपतो. त्यानंतर घराची किंमत, व्याज, मुदत सगळं त्या एका आकड्याभोवती फिरायला लागतं. मी भाजी घेताना एकूण किती झाले विचारते, शाळेची फी भरताना वर्षाची किती ते विचारते, आणि आयुष्यातली सगळ्यात मोठी खरेदी करताना मात्र महिन्याला किती एवढंच विचारून घरी येते. आमच्यावेळी समोरच्याने कंप्युटरवर मुदतीची सरकपट्टी 20 वर्षांवरून 30 वर नेली, हप्ता 8,997 वरून 8,046 वर आला आणि तो खूश होऊन म्हणाला, "बघा, साडेनऊशे कमी झाले!" अंथरूण पाहून पाय पसरावेत म्हणतात, यांनी अंथरूणच दहा वर्षं लांब करून दिलं. नशीब, नवरा म्हणाला की तेव्हा आपण रिटायर झालेले असू, म्हणून 20 वर थांबलो. गणिताने नाही थांबलो, वयाने थांबलो.

त्या सरकपट्टीचं गणित मी नंतर केलं. 10 लाख, 9 टक्के, 20 वर्षं, तर एकूण परतफेड 21 लाख 59 हजार. म्हणजे व्याजच 11 लाख 59 हजार, घेतलेल्यापेक्षा जास्त. तेच 30 वर्षं केलं तर एकूण 28 लाख 97 हजार. महिन्याला 951 कमी भरायचे आणि शेवटी 7 लाख 37 हजार जास्त द्यायचे. उलट 15 वर्षं केलं तर हप्ता 10,143 होतो आणि व्याज 8 लाख 26 हजारावर थांबतं. हे तीन आकडे शेजारी शेजारी ठेवायला कंप्युटरला सेकंद पण लागत नाही. त्या स्क्रीनवर ते होतेही बहुतेक, फक्त स्क्रीन त्याच्याकडे वळलेली होती.

आणि कर्जाच्या आतलं दृश्य तर अजून मजेशीर आहे, मजेशीर म्हणजे रडू येईल असं. पहिल्या हप्त्यात 8,997 पैकी 7,500 व्याज आणि 1,497 मुद्दल. ठीक आहे, सुरुवातीला मुद्दल जास्त असतं म्हणून व्याज जास्त, यात फसवणूक काही नाही, घटत्या शिलकीवरचं व्याज असंच चालतं. पण लोकांच्या डोक्यात काय असतं माहितेय का, की 20 वर्षांचं कर्ज आहे, 5 वर्षं झाली, म्हणजे पाव फिटलं. नाही फिटत. 5 वर्षांत तुम्ही 5 लाख 40 हजार भरलेले असतात आणि मुद्दलातून कमी झालेले असतात 1 लाख 13 हजार. हत्ती गेला आणि शेपूट राहिलं म्हणतात ना, इथे शेपूट गेलेलं असतं आणि हत्ती दारातच उभा. हप्त्यातला मुद्दलाचा वाटा व्याजापेक्षा मोठा होतो तो 149 व्या हप्त्याला, म्हणजे 12 वर्षं उलटून गेल्यावर. आणि अर्धं कर्ज फिटायला किती लागतात? 14 वर्षं. 20 पैकी 14. तीस वर्षांच्या कर्जात अर्धं फिटायला 23 वर्षं लागतात, 23 वर्षं म्हणजे जे बाळ कर्ज घेताना पाळण्यात होतं ते नोकरीला लागलेलं असतं आणि आईबाबांचं अर्धं कर्ज अजून बाकी असतं.

हा प्रश्न मी यंदा वर्गात घातला, नाव गाव काही न सांगता. एका व्यक्तीने 240 हप्त्यांचं कर्ज घेतलं, 24 भरले, दर 9 चा 10 झाला, हप्ता तोच ठेवला, तर किती हप्ते उरतील? पोरांनी कॅल्क्युलेटरवर महिना महिना करत उतरवलं. एक मुलगी वर मान करून म्हणाली, "मिस, माझं 266 येतंय, चुकलंय ना?" मी म्हटलं बरोबर आहे. तिने परत केलं. परत 266. मग ती म्हणाली, "मग त्या माणसाला कोणी सांगितलं नाही?"

बोला, काय सांगू तिला.

अजून एक, आणि हे तर मला स्वतःला माहीत नव्हतं. याच कर्जाचा दर सुरुवातीलाच 10.8 टक्के झाला आणि हप्ता तोच 8,997 ठेवला तर महिन्याचं व्याज होतं 9,000. म्हणजे हप्ता व्याजालाच पुरत नाही, दर महिन्याला भरूनही कर्ज वाढत जातं, आणि वाढलेल्या कर्जावर परत व्याज. असं कर्ज कधीच फिटत नाही, शंभर वर्षं भरा. 9 आणि 10.8, फार लांब नाहीयेत हो हे आकडे एकमेकांपासून. दर किती झपाट्याने हलतात ते 2022 मध्ये सगळ्या जगाने बघितलंय. अमेरिकेत 30 वर्षांच्या फिक्स्ड, म्हणजे शेवटपर्यंत दर न बदलणाऱ्या, कर्जाचा दर 2021 च्या सुरुवातीला 3 टक्क्यांच्या खाली होता आणि 2022 च्या ऑक्टोबरमध्ये 7 च्या वर गेला. 10 लाखाच्या मापात बघा, 3 टक्क्याने 30 वर्षांचं व्याज होतं 5 लाख 18 हजार, 7 टक्क्याने 13 लाख 95 हजार. घर तेच, विटा त्याच, दोन वर्षं उशीर झाला एवढंच. तिथे ज्यांनी आधी फिक्स्ड घेतलं त्यांना या वाढीची झळ लागलीच नाही, फ्लोटिंगवाल्याला, म्हणजे बदलत्या दराचं कर्ज घेणाऱ्याला, मात्र ती हप्त्यात तरी लागते नाहीतर मुदतीत तरी लागते. मुदतीत लागलेली दिसत नाही म्हणून ती तुम्हाला आवडते, असं मी म्हटलं तर रागावू नका.

आता कोणी अर्थशास्त्रवाला म्हणेल की बाई, 20 वर्षांनंतरचे 8,997 हे आजचे 8,997 नाहीत, महागाईने पैशाची किंमत कमी होते, एकूण बेरीज करून घाबरवू नका. मुद्दा बरोबर आहे आणि मी तो धरूनही गणित केलंय. महागाई वर्षाला 5 टक्के धरली तर 21 लाख 59 हजार म्हणजे आजच्या पैशात साधारण 13 लाख 63 हजार. शिवाय पगार वाढतो तसा तोच हप्ता हलका वाटायला लागतो, आणि घर घेतलं नसतं तर भाडं गेलंच असतं. म्हणून मी कर्ज घेऊ नका असं म्हणतच नाहीये, मी स्वतः घेतलंय, आणि संध्याकाळी त्या घराच्या खिडकीत चहा घेऊन बसते तेव्हा मला त्याचा पश्चात्ताप होत नाही. पण महागाईचा हिशोब करायचा की नाही हे मी ठरवेन ना, आधी आकडा तरी द्या हातात.

बाकीच्या खर्चाचं भराभर सांगते कारण त्यावर बरंच लिहून झालंय. प्रोसेसिंग फी 1 टक्का म्हणजे किरकोळ वाटते, पण हातात 9 लाख 90 हजार आले आणि फेडायचे 10 लाखाच्या हिशोबाने, म्हणजे 9 चा दर प्रत्यक्षात 9.14 झाला, आणि पाच वर्षांत कर्ज बंद केलं तर तीच फी दराला सव्वा टक्का नाही पण पाव टक्का तरी नक्की चिकटते. व्हॅल्युएशन, लीगल, कागदपत्रं, ते वेगळंच. पण सगळ्यात गोड गोळी म्हणजे कर्जाबरोबरचा विमा. विमा वाईट नाही, घरात कमावणारं एकच माणूस असेल तर घ्यावाच, पण "मॅडम, प्रीमियम वेगळा द्यायला नको, लोनमध्येच ॲड करून टाकू" हे वाक्य ऐकलं की कान टवकारा असं मी आता सगळ्यांना सांगते. 50 हजाराचा प्रीमियम 20 वर्षांच्या कर्जात मिसळला की तो 1 लाख 8 हजाराला पडतो. आणि फ्लॅट रेट नावाचा प्रकार कोणी सांगितला तर उठून यावं. फ्लॅट 9 टक्के म्हणजे मुद्दल फिटत गेलं तरी व्याज पहिल्या दिवसाच्या पूर्ण रकमेवर, 20 वर्षं, म्हणजे 18 लाख व्याज. घटत्या शिलकीच्या भाषेत तो दर जवळजवळ 13 टक्के होतो. पाटीवर दोन्हीकडे 9 च लिहिलेलं असतं.

यावर उपाय पण तुमच्याकडेच आहे आणि तो सांगायला तुमची जीभ सगळ्यात जड होते, तो म्हणजे मधे मधे जास्तीचं भरणं. मी याचं गणित केलं तेव्हा खरंच दोनदा तपासलं. पहिल्या वर्षाच्या शेवटी कुठूनतरी 1 लाख आले, बोनस म्हणा, मोडलेली एफडी म्हणा, आणि ते मुद्दलात भरून हप्ता तोच ठेवला, तर शेवटचे 50 हप्ते गळून पडतात. पन्नास! चार वर्षं! 1 लाख भरले आणि साडेचार लाखांचे हप्ते टळले. तेच 1 लाख पंधराव्या वर्षाच्या शेवटी भरले तर फक्त 16 हप्ते कमी होतात. म्हणजे पैसे किती भरता यापेक्षा कधी भरता याला जास्त किंमत आहे, आणि लोक बरोबर उलटं करतात, सुरुवातीला फर्निचरमध्ये घालतात आणि शेवटी शेवटी कर्ज डोळ्यात खुपायला लागलं की भरायला धावतात. किंवा दरवर्षी फक्त एक हप्ता जास्तीचा भरायचा, बाराच्या ऐवजी तेरा, तर 20 वर्षांचं कर्ज साडेसोळा वर्षांत संपतं आणि सुमारे 2 लाख 30 हजार व्याज वाचतं. हे तुमच्यापैकी कोणी मला सांगितलं? क्रेडिट कार्ड घ्या म्हणून सतरा फोन आले, टॉप-अप लोन, म्हणजे आहे त्या कर्जावर अजून कर्ज, प्री-ॲप्रूव्हड आहे म्हणून आले, आणि एक हप्ता जास्त भरा म्हणून एकही नाही. कळतं मला, धंदा आहे. पण मग "तुमच्या स्वप्नांचे भागीदार" असं पोस्टरवर लिहू नका, भागीदार नफातोटा दोन्ही सांगतो.

तुम्ही म्हणाल सगळं ॲग्रीमेंटमध्ये असतं. असतं. चाळीस पानं, बत्तीस सह्या, आणि सही करताना समोर उभा असलेला माणूस पानं उलटत म्हणतो, "इथे, इथे आणि इथे." परतफेडीचं वेळापत्रक मागितलं तर मिळतंही, 240 ओळींचं. त्यातून माणसाने अर्थ काढायचा म्हणजे धान्याचं पोतं समोर ओतून दाणे मोजून घ्या म्हणण्यासारखं आहे.

आणि हे जमत नाही असं सांगू नका, कारण जगात ठिकठिकाणी जमलंय. अमेरिकेत कर्जाचा खरा खर्च आकड्यात सांगायचा कायदा 1968 पासून आहे, आणि 2015 च्या ऑक्टोबरपासून तिथे घराच्या कर्जाचा जो अंदाज-फॉर्म देतात त्यावर चक्क लिहिलेलं असतं की पहिल्या 5 वर्षांत तुम्ही एकूण किती भरलेलं असेल आणि त्यातलं मुद्दल किती फिटलेलं असेल. अगदी मला जे रात्री साडेअकराला वहीत काढावं लागलं ते. युरोपात 2014 च्या नियमाने जो माहितीचा कागद द्यावा लागतो त्यात एकूण परतफेड तर असतेच, शिवाय घेतलेल्या प्रत्येक 1 मागे किती परत कराल हे पण असतं. भारतात रिझर्व्ह बँकेने 18 ऑगस्ट 2023 च्या परिपत्रकात सांगितलं की फ्लोटिंग कर्जाचा दर बदलला की हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची की दोन्ही थोडं थोडं, हा पर्याय कर्जदाराला द्यायचा, दर तीन महिन्यांनी आत्तापर्यंत किती मुद्दल आणि किती व्याज गेलं, किती हप्ते उरले हे सोप्या शब्दांत कळवायचं, आणि मुदत वाढवताना हप्ता व्याजालाही पुरेनासा होईल अशी वेळ येऊ द्यायची नाही. 1 ऑक्टोबर 2024 पासून तर रिटेल, म्हणजे सामान्य ग्राहकांच्या, कर्जांना मुख्य गोष्टींचा एक कागद आणि त्यात सगळे खर्च धरून येणारा वार्षिक दर देणं बंधनकारक आहे. म्हणजे कोणालातरी हे सुचलंय, कोणीतरी ते छापलंय, आणि त्यामुळे कुठली बँक बुडाल्याचं मी ऐकलं नाही.

पण नियम पाळणं वेगळं आणि सांगणं वेगळं. मेसेजमध्ये निळी लिंक देऊन "अधिक माहितीसाठी क्लिक करा" हे पण नियमात बसतं. म्हणून माझी मागणी अगदी छोटी आहे, नवीन कायदा नको, समिती नको. ज्या कागदावर हप्त्याचा आकडा छापता त्याच कागदावर, त्याच साईझच्या अक्षरात, सही करायच्या आधी, माझ्या भाषेत एवढं लिहा. मजकूर मी तयार करून देते, शिकवणीची फी लावत नाही:

"तुम्ही आज 10,00,000 घेताय. दर हाच राहिला तर 20 वर्षांत 21,59,342 परत कराल, म्हणजे घेतलेल्या प्रत्येक 1 मागे 2.16. पहिल्या 5 वर्षांत 5,39,836 भराल, त्यातले 1,12,929 मुद्दलात जातील. अर्धं कर्ज फिटायला 14 वर्षं लागतील. दर सुरुवातीलाच 1 टक्क्याने वाढला आणि हप्ता तोच ठेवला तर 20 ची 26 वर्षं होतील. तसं करायच्या आधी आम्ही तुम्हाला फोन करून विचारू."

शेवटची ओळ तुम्हाला सगळ्यात अवघड जाईल, माहितेय मला. पण दुपारी अडीचला फोन करायची सवय तुम्हाला आहेच, एक फोन याच्यासाठी करा.

माझं पुढे काय झालं ते सांगून थांबते. तीन चकरा, दोन अर्ज, एकदा "सिस्टीममध्ये ऑप्शन दिसत नाहीये", आणि मग हप्ता साधारण 9,600 झाला आणि मुदत परत जागेवर आली. अर्जावर एक रकाना होता, हप्ता वाढवण्याचे कारण. मी लिहिलं, 266. काउंटरवरच्या त्या मुलाने वाचलं, माझ्याकडे बघितलं, काही बोलला नाही. फॉर्मवर शिक्का मारला आणि जाता जाता हळूच म्हणाला, "मॅडम, माझं पण लोन आहे, बघावं लागेल."

आपली,
39 हप्ते भरलेली आणि 201 उरलेली एक कर्जदार